वर ठेवलेली जागा

९ जून

घाई,

सगळा वर्ग कविता उचलायच्या आधी एक आवाज यायचा. मी पट्टीने टेबलावर ठोके द्यायचो आणि तिसऱ्या ठोक्याला सगळ्यांनी एकदम सुरुवात करायची असं ठरलेलं असायचं. पण खिडकीकडच्या दुसऱ्या बाकावरून ठोका पडायच्या किंचित आधीच एक सूर निसटायचा आणि बाकीची पोरं त्या सुराला गाठायला धावायची. कितीदा रागावलो. कितीदा पुन्हा पहिल्यापासून म्हणायला लावलं. तू मान डोलवायचीस आणि पुन्हा तेच. शेवटी मी तुझं नाव घाई ठेवलं आणि हजेरीतलं नाव वर्ग विसरून गेला. हल्ली दुपारी डोळा लागतो तेव्हा कधीकधी तोच सूर ऐकू येतो. जाग येते तेव्हा खाली कुणाच्या तरी गाडीचा हॉर्न असतो.

वर आशीर्वाद लिहिणार होतो. पण तुझ्या याचिकेत मी प्रतिवादी क्रमांक चार आहे, आणि प्रतिवादीने समोरच्या पक्षाला आशीर्वाद द्यायची पद्धत आहे की नाही, मला ठाऊक नाही. जन्मभर पोरांना क्रमांकाने हाका मारल्या, आता म्हातारपणी मला क्रमांक मिळाला.

नोटीस सूनबाईने वाचून दाखवली, कारण कोर्टाची अक्षरं माझ्या चष्म्याला दाद देत नाहीत. दोन वर्षांपूर्वीच्या शिक्षक भरतीत निवड समितीने संगनमत केलं, वशिल्याच्या उमेदवाराला पाठाचे गुण वाढवून दिले आणि तुझे कमी केले, असं त्यात आहे. सूनबाई मध्येच थांबली, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "बाबा, तुम्हाला फितवायला कुणी काय दिलं असेल हो? जुनी क्रमिक पुस्तकं?" मुलगा हसला. मीही हसलो. मग हात धुवायला म्हणून उठलो आणि नळ उगाचच सोडून ठेवला.

घाई, मला वशिला कुणाचाच नव्हता. निवृत्तीनंतर आठवण काढून बोलावलं, विषयतज्ज्ञ म्हणून खुर्ची दिली, याचंच मला केवढं अप्रूप. घरून निघताना मी बूट पॉलिश केले होते. लेखी परीक्षा आधीच झाली होती, आमच्यासमोर प्रत्येकाने एक छोटा नमुना पाठ घ्यायचा होता. शेजारच्या शाळेतून मुलं आणून समोर बसवली होती. कवितेच्या पाठाचे गुण मी द्यायचे होते. चिठ्ठ्या निघाल्या आणि सकाळी सगळ्यात आधी तू आत आलीस.

मी तुला ओळखलं. मुद्दाम ओळख दाखवली नाही. समितीत बसलेल्या माणसाने ओळख दाखवायची नसते, एवढं मला कळतं. तू ढगाची कविता घेतलीस, ढग डोंगराला विचारतो की एका जागी उभं राहून तुला कंटाळा येत नाही का, ती. तू अर्थ सांगितला नाहीस. तू पोरांना म्हणालीस, आता आपण सगळे डोंगर. बोलायचं नाही, हलायचं नाही, फक्त वरून काय जातंय ते बघायचं. ती झोपाळलेली पोरं खरोखर डोंगर झाली. पंखा फिरत होता तेवढा ऐकू येत होता. माझ्या शेजारी बसलेल्या, समितीचे अध्यक्ष असलेल्या साहेबांनीही पेन खाली ठेवलं.

तेव्हा तू असं समजू नकोस की मला तुझा पाठ आवडला नव्हता. मग गुण कमी का, असं तू विचारशील. तुलना असते, बाळ. नंतरही पाठ झाले. दिवसभर चालले. त्यातले काही चांगलेच झाले.

कागदात हेही वाचलं की येत्या मार्चनंतर वयाच्या अटीत तू बसणार नाहीस आणि तुला पुन्हा अर्ज करता येणार नाही. अजून तू तासांवरच शिकवतेस म्हणे, तास झाला तर पगार, सुट्टी लागली की काही नाही. हे मला माहीत नव्हतं. वशिल्याचं तेवढं मागे घे. बाकी लढ. तुझा हक्कच आहे.

तुझा,
सर


२६ जून

घाई,

माझं पत्र तुझ्या वकिलांच्या पाकिटातून परत आलं. सोबत दोन ओळी. प्रकरण न्यायप्रविष्ट आहे, प्रतिवादीने याचिकाकर्तीशी परस्पर संपर्क साधू नये, पुन्हा असं झाल्यास न्यायालयाच्या निदर्शनास आणून देऊ. बरोबरच आहे. सूनबाईने ते वाचलं आणि कपाळावर हात मारला. "बाबा, तुम्हाला कुणी सांगितलं होतं पत्र पाठवायला? उद्या म्हणतील, साक्षीदार फोडायला निघाले." मी म्हटलं, साक्षीदार मीच आहे, मी मलाच कसा फोडीन? तिला हसू आलं नाही.

म्हणून हे पत्र टाकायचं नाही. लिहायचं फक्त. तुला लिहितोय असं समजून लिहिलं की हात चालतो. जन्मभर समोर वर्ग ठेवून बोललो, रिकाम्या खोलीत मला बोलता येत नाही.

काल सरकारी वकीलबाईंनी बोलावलं होतं. तिसरा मजला, लिफ्ट बंद. खोलीत फायलींचे गठ्ठे जमिनीपासून खिडकीपर्यंत, त्यातल्याच एका गठ्ठ्यावर बसायला सांगितलं. मी म्हटलं, अहो, कुणाच्या तरी आयुष्यावर बसल्यासारखं वाटतंय. त्या म्हणाल्या, "हे निकाली निघालेलं आहे सर, बसा बिनधास्त." बाई हुशार आहेत. वयाने तुझ्याएवढ्या असतील. बोलताना पेनचं टोपण उघडतात, लावतात.

माझं प्रतिज्ञापत्र त्यांनी आधीच टाइप करून ठेवलं होतं. त्यात एक वाक्य होतं की सदर उमेदवाराचे सादरीकरण अपेक्षित दर्जाचे नव्हते. मी ते वाचलं आणि म्हटलं, इथे थोडं वेगळं लिहिता येईल का? "दर्जाचे" हा शब्द कानाला फार कठीण लागतो. "अपेक्षेच्या किंचित अलीकडे" असं काही? बाईंनी टोपण लावलं. "सर, ही कविता नाही. कोर्टाला किंचित कळत नाही. दर्जा होता की नव्हता?"

मी टेबलावरचं पेन उचललं. बोलायला हवं होतं. मनात म्हटलं, या एका वाक्याने काय होणार आहे? त्यांचं काम त्यांना चांगलं कळतं. सही केली. सही वाकडी आली तेव्हा म्हटलं, पेन नीट चालत नाही. बाईंनी चहा मागवला. मी तो पूर्ण प्यायलो आणि चांगला झालाय असंही म्हणालो.

जिना उतरताना एकेक पायरी कठड्याला धरून उतरलो. खाली स्टॅम्पपेपरवाल्याच्या टपरीसमोर आलो तेव्हा मला तुझ्या पाठातलं ते "आता आपण सगळे डोंगर" आठवलं आणि मी तिथेच उभा राहिलो. लोक धक्का देऊन जात होते. एकजण म्हणाला, आजोबा, बाजूला व्हा की.


१७ जुलै

घाई,

आज तू मला पाहिलंस. पाहिलं नाहीस असं दाखवलंस, ती गोष्ट वेगळी.

कोर्टाच्या लांब ओसरीत एकच बाक होता. तू एका टोकाला बसून मांडीवर उत्तरपत्रिका तपासत होतीस. दुसऱ्या टोकाला मी. मध्ये कुणाची तरी पाण्याची बाटली. तपासताना तू अजूनही ओठ हलवतेस. पोराचं उत्तर मनात वाचून मगच लाल पेन उचलतेस. मला वाटलं, उठावं, जवळ जावं, म्हणावं, कशी आहेस ग? तेवढ्यात पुकारा झाला आणि तू माझ्या समोरून आत गेलीस. वाट अरुंद होती. तू पदर सावरावा तसे कागद छातीशी धरलेस, मला लागू नयेत म्हणून.

आत वकीलबाईंनी माझं प्रतिज्ञापत्र वाचलं. खोलीच्या एका टोकाला बसून ऐकली की आपलीच वाक्यं परक्याची वाटतात. "सदर उमेदवाराचे सादरीकरण अपेक्षित दर्जाचे नव्हते." तुझी मान पुढे होती ती तशीच राहिली, पण कान लाल झाले. लहानपणी चुकून शिक्षा झाली की व्हायचे तसे. मी शेवटच्या रांगेत बसलो होतो. उभं राहून "थांबा" म्हणायला माझ्या पायांना काही झालं नव्हतं. मी चष्मा काढून पुसत बसलो.

न्यायमूर्तींनी विचारलं, हे गुण कशाच्या आधारे दिले? पाठ बघताना काही टिपण केलं होतं का? वकीलबाई म्हणाल्या, टिपणाची तरतूद नव्हती. न्यायमूर्ती कागद उलटून म्हणाले, मग विषयतज्ज्ञांनी पुढच्या तारखेला स्वतः हजर राहावं, दोन प्रश्न विचारायचे आहेत. तारीख वीस ऑगस्टची पडली.

बाहेर आल्यावर बाई खुशीत होत्या. काळजीचं काही नाही, म्हणाल्या. सगळी याचिका वशिल्यावर उभी आहे आणि वशिल्याचा यांच्याकडे एक पुरावा नाही. ज्याला नोकरी मिळाली तो मुलगा साहेबांचा कुणी लागत नाही, हे आपण दाखवलंय. तुम्ही आलात, दर्जा नव्हता एवढं म्हणालात, की याचिका निकालात निघेल.

म्हणजे तुझं कारण चुकलंय, घाई. तुझ्यावर अन्याय झाला असेल तर तो कुठल्या दाराने आला हे तुला माहीत नाही. तू भलतंच दार ठोठावत बसली आहेस.

मलाही ते माहीत नाही, असं मी घरी येईपर्यंत स्वतःला सांगत होतो.


३ ऑगस्ट

घाई,

आज जे झालं ते लिहून काढल्याशिवाय मला जेवण जाणार नाही. सूनबाईने दोनदा हाक मारली. पाठ दुखतेय म्हणून सांगितलं.

आमच्या गल्लीच्या टोकाच्या शाळेत दरवर्षी कवितावाचनाची स्पर्धा असते. परीक्षक मीच. निवृत्त झाल्यापासून एक वर्ष चुकलं नाही. मला ते फार आवडतं. त्या पोरांचे चापूनचोपून बसवलेले केस, ते घाबरून सुकलेले ओठ. काही कविता मी पन्नास वर्षं ऐकतोय आणि अजून त्यांच्या चालीवर माझं बोट गुडघ्यावर चालतं. सकाळी लवकर जाऊन मी सभागृहात पहिल्या खुर्चीवर बसलो होतो. व्यासपीठाचा पडदा ओढलेला. पडद्यामागे पोरं चिठ्ठ्या उचलत होती. मी बसलोय हे त्यांना दिसत नव्हतं.

एक मुलगी म्हणाली, "मला पहिला नंबर आला. मेले मी."

दुसरी म्हणाली, "रड आता. ते आजोबा पहिल्याला देतच नाहीत."

"असं कसं देत नाहीत?"

"माझ्या ताईच्या वेळेपासून नाही देत. पहिला नंबर लागला की कितीही छान म्हण. ते वर जागा ठेवतात."

"कसली जागा?"

"नंतर कुणी भारी आलं तर त्याच्यासाठी. माझ्याशी बदलतेस का? नको, मी नाही बदलणार, मी काय वेडी आहे?"

आणि सगळी खिदळली.

घाई, मी खुर्चीत बसल्या बसल्या गार पडलो. शाळेतल्या बारक्या पोरांना माझ्याबद्दल जे वर्षानुवर्षं माहीत आहे, ते मला माहीत नव्हतं. नाही, थांब. माहीत नव्हतं असं म्हणायचीही मला लाज वाटते. मी नवीन लागलो तेव्हा आमच्या मुख्याध्यापकांनी आम्हा नवख्यांना खोलीत बसवून शिकवलं होतं. पहिल्याला कधी भरून गुण देऊ नका. त्याला भरून दिलेत आणि मागून त्याच्याहून सरस कुणी आला, तर त्याला कुठे बसवाल? वरची जागा मोकळी ठेवा. आम्ही ते पाण्यासारखं पिऊन टाकलं. पट्टीने टेबलावर ठोके देण्याइतकंच ते अंगवळणी पडलं. शाळेत त्याने कुणाचं वाईट होत नाही, कारण शेवटी सगळे झाले की आपण कागद पुढे घेतो, पहिल्याला पुन्हा आठवतो आणि वर सरकवतो. मी नेहमी सरकवायचो. निदान सरकवायचो असं मला वाटतं.

पडदा उघडला. ती पहिली मुलगी आली. छानच म्हणाली. शेवटच्या कडव्यात तिने आवाज खाली आणला आणि सभागृहाच्या मागच्या भिंतीपर्यंत तो गेला. मी ठरवून दहातले नऊ द्यायला पेन टेकवलं. हात नऊ लिहीना. खरंच सांगतो, बोटं अडली. आतून कुणीतरी म्हणत होतं, अजून एवढे आहेत, पुढच्यांना काय देणार? मी जोर लावून नऊ लिहिला तेव्हा तो इतका दाबून आला की कागद फाटला.

मग मला आपली भरती दिसली, आरशात दिसावी तशी. तिथे कागद पुन्हा पुढे घ्यायची सोय नव्हती. कुणी मागाहून फिरवाफिरव करू नये म्हणून नियमच होता की एकाचा पाठ संपला की त्याचे गुण लगेच पाकिटात, पाकिटावर सह्या, आणि पाकीट शिपायाच्या हातात. चोख व्यवस्था. साहेब अभिमानाने सांगत होते, यात हात घालायला वाव नाही. म्हणजे मी तुझ्या गुणांच्या वर जी जागा ठेवली ती पाकिटात बंद होऊन गेली. पंचवीसपैकी सतरा. मनात एकवीस होते. दिवसभर एकेकजण आला, मी थोडं थोडं वर सरकत गेलो. संध्याकाळी शेवटचा उमेदवार आला तेव्हा वरची जागा अजून तशीच शिल्लक होती आणि द्यायला दुसरं कुणी उरलं नव्हतं. ती मी त्याला दिली. तेवीस. तोच आज तुझ्या जागेवर आहे. लेखीचे गुण धरून तू त्याच्या अगदी थोडक्याने मागे राहिलीस.

वशिला नव्हता, घाई. वशिला असता तर निदान कुणाचं तरी भलं करायचं मनात होतं असं म्हणता आलं असतं. इथे काहीच नव्हतं. तुझी चिठ्ठी आधी निघाली, एवढंच.


११ ऑगस्ट

घाई,

आज मी वकीलबाईंकडे गेलो होतो. स्वतःहून. मोठं काहीतरी करतोय अशा ऐटीत जिना चढलो. लिफ्ट चालू होती तरी जिन्याने गेलो, यावरून ओळख.

सगळं सांगितलं. त्यांनी टोपण उघडलं नाही, लावलं नाही. मग म्हणाल्या, "तुम्ही शपथेवर लिहिलंय की तिचा पाठ दर्जाचा नव्हता. आता म्हणता फार चांगला होता. दोन्हीतलं एक खोटं आहे."

"पहिलं," मी म्हटलं.

"सर, हे असं मोठ्याने म्हणू नका. दार उघडं आहे."

उठून त्यांनी दार लोटलं. रागावल्या नव्हत्या, ते मला जास्त लागलं. शांतपणे समजावून सांगितलं. खोटं प्रतिज्ञापत्र दिलं म्हणून माझ्यावरच कारवाई होऊ शकते. हिनेच नव्हे, त्या दिवशी सकाळी पाठ घेतलेल्या सगळ्यांनी उद्या दावे लावले तर सगळी भरतीच रद्द होईल. आणि तो मुलगा, दीड वर्ष शिकवतोय. त्याने गुण मागितले नव्हते. तुम्ही दिलेत. त्याच्या घरी काय सांगणार? मी म्हटलं, विचार करतो.

आता जे लिहितो ते वाचून तू पत्र फाडलंस तरी चालेल. खाली उतरताना मला हलकं वाटत होतं. बाईंनी नको म्हटलं, त्याचा मला आनंद झाला होता. मी माझ्याकडून गेलो होतो, सांगितलं होतं, कायद्याने अडवलं, माझा इलाज नाही, असं मनात छान जुळून आलं. वाटेत मी फळंसुद्धा घेतली.

घरी पोचतो तोच साहेबांचा फोन. बाईंनी कळवलं असणार. साहेब हसत होते. अहो सर, सगळेच जागा ठेवतात, आम्हीसुद्धा ठेवतो, परीक्षक म्हटला की ठेवतोच. म्हणून कुणी कोर्टात जाऊन सांगतं का? तुम्ही भलतेच हळवे. मी हो हो म्हणत राहिलो. फोन ठेवताना त्यांना तब्येतीची काळजी घ्या असंही म्हणालो. मला कुणाला नाही म्हणता येत नाही, आणि हे मी जन्मभर चांगुलपणा म्हणून मिरवलं.

सूनबाई भाजी निवडत ऐकत होती. तिने काही विचारलं नाही. मीच सगळं सांगत सुटलो, आणि सांगता सांगता रडायला लागलो. मला वाटलं, ती म्हणेल, असू द्या बाबा, तुमच्या मनात काही नव्हतं. ती म्हणाली, "तुम्ही तिच्यासाठी रडताय की स्वतःसाठी?"

मी परातीतली एक काडी उचलून मोडत बसलो.

"नाही, बरं झालं रडताय ते. पण ती तिकडे तासांवर शिकवतेय आणि तुम्ही इकडे तिला पत्रं लिहून ठेवताय. तिला त्याचा काय उपयोग, बाबा? तुम्हाला होतो तेवढाच."

मग तिने परात उचलली आणि आत गेली. मला वाटलं होतं माझ्या या लिहिण्याचं घरात कुणाला माहीत नाही.


१९ ऑगस्ट, दुपार

घाई,

उद्या तारीख. मी सांगणार आहे.

हे वाक्य लिहायला मला चार वेळा कागद बदलावा लागला, कारण प्रत्येक वेळी ते जरा जास्तच छान होत होतं. सकाळी कपाटाच्या आरशासमोर उभं राहून मी बोलण्याचा सराव करत होतो. "महोदय, माझ्या हातून नकळत..." कुठे थांबायचं, कुठे आवाज खाली आणायचा. मध्येच स्वतःकडे लक्ष गेलं. पोरीचं आयुष्य अडकलंय आणि हा म्हातारा वक्तृत्वाची तयारी करतोय. मी आरशावर टॉवेल टाकला.

साधं सांगणार. पाठ चांगला होता. मी पहिल्याला गुण कमी देतो, मला तशी खोड आहे. प्रतिज्ञापत्रातलं ते वाक्य खरं नाही, आणि सही करताना ते मला माहीत होतं. एवढंच. "नकळत" हा शब्द काढून टाकलाय. गुण देताना नकळत असेल, सही करताना नव्हतं.

त्याने तुला नोकरी मिळेलच असं नाही. मुलाने त्याच्या ओळखीच्या वकिलाला विचारलं. त्याचं म्हणणं, कोर्ट कदाचित पुन्हा पाठ घ्यायला सांगेल, कदाचित तुझ्यासाठी एक जागा जास्तीची काढायला सांगेल, कदाचित म्हणेल की आता फार उशीर झाला. पण निदान मार्चच्या आधी काहीतरी होईल. आणि तुला कळेल की तू त्या दिवशी कमी पडली नव्हतीस. गेली दोन वर्षं तू वर्गात उभी राहतेस तेव्हा माझे सतरा गुण तुझ्या पाठीमागे फळ्यावर लिहिलेले असतील, असं मला सारखं वाटतं.

मुलगा म्हणाला, सकाळी मी सोडतो स्कूटरवरून. सूनबाईने माझा पांढरा सदरा इस्त्री करून खुर्चीवर टाकलाय आणि त्याबद्दल एक शब्द बोलली नाही. आता ती दोघं बाहेर गेलीत. घर शांत आहे.

उद्या ओसरीत तू त्या बाकावर बसलेली असशील. मी तुझ्याकडे येणार नाही. बोलायचं ते आतच

बेल वाजतेय. थांब.


तो आलाय.

मी ओळखलं नाही. दार उघडलं तर दारात एक तरणा मुलगा, खांद्याला पिशवी, कॉलर घामाने भिजलेली. मला वाटलं कुरिअर. मी म्हटलं, सूनबाई घरात नाही, नंतर या. तेव्हा त्याने स्वतःच सांगितलं तो कोण ते. तुझ्या जागेवर आहे तो. मी ज्याला तेवीस दिले तो. शाळा सुटल्या सुटल्या दोन बस बदलून थेट आलाय, हाताला अजून खडू लागलेला आहे.

मीच म्हटलं, हे बघ, उद्याचं मी ठरवलंय, तू गयावया करू नकोस, मला ते सोसणार नाही.

तो म्हणाला, "साहेबांनीच पाठवलं मला. म्हणाले, सर हळवे आहेत, पाया पड, रडून बघ. मी येणारच नव्हतो." मग खांद्यावरची पिशवी सावरली. "त्यासाठी नाही आलो मी, सर. उद्या तुम्हाला जे सांगायचं ते सांगा. मला एकच विचारायचंय. घरी बायकोला, शाळेत पोरांना, सगळ्यांना मी सांगत आलोय की माझा पाठ ऐकून तुम्ही तेवीस दिले. माझा पाठ खरंच चांगला झाला होता का?"

पाणी आणतो म्हणून आत आलोय. तो बाहेर खुर्चीच्या काठावर बसलाय, इस्त्रीच्या सदऱ्याला पाठ लागू नये म्हणून पुढे सरकून. घाई, मी मघापासून डोळे मिटून आठवतोय. त्याने कुठली कविता घेतली, पोरांना काय विचारलं, आवाज कसा होता. मला त्याचा पाठ आठवत नाही. एक शब्द आठवत नाही.

ग्लास भरलाय. तो वाट बघतोय.